'भुरगो कसो?' असा फोन येतो तेव्हा

रविवारी सकाळी मी सुंगटं, म्हणजे कोळंबी, सोलत बसले होते. पाव किलोच होती पण बारीक, आणि बारीक सुंगटं सोलणं म्हणजे काय काम असतं ते ज्याने केलंय त्यालाच ठाऊक, तासभर हात चालवा आणि शेवटी ऐवज वाटीभर. नेमका तेव्हाच फोन. हात बरबटलेले, मग कोपराने कसाबसा स्पीकर लावला. पलीकडे यांच्या मावसबहिणीची नणंद, सावर्ड्याची. वर्षातून दोनदा फोन करणारी बाई रविवारी सकाळी फोन करते म्हणजे काहीतरी काम असणार हे कळलंच होतं, पण रीत म्हणून आधी पाच मिनिटं पाऊस झाला, मग नारळाचे भाव झाले, कोणाच्यातरी गुडघ्याचं ऑपरेशन झालं, आणि मग तिने आवाज खाली आणला. स्वतःच्या घरात बसून आवाज कशाला खाली आणायचा देव जाणे, पण हा प्रश्न विचारताना सगळेच आणतात.

"वहिनी, तुमच्या वाड्यावरच्या त्या अमक्यांचा धाकटा. भुरगो कसो?"

(बोलणं आमचं सगळं कोंकणीत, लिहायला बसलं की हात आपोआप मराठीत चालतो, आमच्या पिढीत बऱ्याच घरांत असंच आहे.)

भुरगो कसो, म्हणजे मुलगा कसा आहे. दोन शब्दांचा प्रश्न. गोव्यात ज्यांच्या वाड्यावर कोणी लग्नाचं आहे त्यांना हा फोन चुकत नाही. बारा तालुक्यांचं राज्य, 2011 च्या जनगणनेत साडेचौदा लाख माणसं, त्यामुळे पेडण्याच्या मुलीचं स्थळ काणकोणात निघालं तरी मध्ये कोणाची तरी मावशी सापडतेच आणि ती फोन करते. पत्रिका जुळते की नाही ते भटजी बघतात, बाकीचं सगळं आम्ही फोनवर जुळवतो किंवा मोडतो.

मी काय उत्तर दिलं ते सांगते, पण त्याआधी माझी एक जुनी गोष्ट सांगायला पाहिजे, नाहीतर मी एवढी का अडखळले ते कळणार नाही.

मी एका हायस्कुलाच्या ऑफिसात एकतीस वर्षं काढली, कारकून म्हणून. सुरुवातीला टाइपरायटर होता, नंतर कॉम्प्युटर आला. दर जूनमध्ये एलसींचा, म्हणजे शाळा सोडल्याच्या दाखल्यांचा, ढीग. एलसीवर 'वर्तणूक' म्हणून एक कॉलम असतो, त्यात मी 'चांगली' लिहायची. सगळ्यांना चांगली. ज्याने लॅबच्या सिंकमध्ये फटाका लावला होता त्यालाही चांगली आणि जी दहावीत शाळेत पहिली आली तिलाही चांगली. आणि कोणाला नोकरीसाठी कॅरेक्टर सर्टिफिकेट पाहिजे असलं की ते ठरलेलं इंग्रजी वाक्य, टू द बेस्ट ऑफ माय नॉलेज अमुक अमुक बेअर्स अ गुड मॉरल कॅरेक्टर, फक्त नाव बदलायचं, खाली हेडमास्तरांची सही, गोल स्टँप. नवीन होते तेव्हा मला हे खटकायचं. एकदा हेडमास्तरांना विचारलंसुद्धा, सर, आपण त्या फटाकेवाल्यालाही गुड देतो? ते म्हणाले, "बाय, पंधरा वर्षांच्या पोराच्या कपाळावर मी काय लिहू? ज्याला खरंच जाणून घ्यायचंय तो येऊन विचारेल." एकतीस वर्षांत असं येऊन विचारणारा मला एक माणूस आठवतो, तोही सर्टिफिकेटवरचं आडनाव चुकलंय हे सांगायला आला होता.

म्हणजे बघा, ज्या कागदावर कोणाचाच विश्वास नव्हता तिथे मी एकतीस वर्षं जपून लिहिलं. आणि जिथे माझ्या शब्दावर लोक डोळे मिटून विश्वास ठेवायचे तिथे, म्हणजे फोनवर, मी काय वाट्टेल ते बोलले.

वीसेक वर्षांपूर्वीची गोष्ट. तेव्हा मोबाइल नव्हता माझ्याकडे, लँडलाइनवर फोन आला, डिचोलीच्या बाजूच्या कोणाचा तरी. वाड्यावरच्याच एका मुलाची चौकशी. मुलगा अठ्ठावीस-एकोणतीसचा, आयटीआय झालेला, हुशार, कामसू. मी म्हटलं, "बरो आसा, पूण सोरो पियेता." बरा आहे, पण पितो. एवढंच. त्या बाई "हां, हां" म्हणाल्या, थँक्यू म्हणाल्या, फोन ठेवला. मी भात उतरवायला गेले. माझ्या मनात त्या मुलाबद्दल काडीचंही वाईट नव्हतं, उलट कोणाच्या मुलीचं वाईट होऊ नये म्हणून आपण खरं ते सांगितलं असं मला मनापासून वाटत होतं, थोडं बरंच वाटत होतं म्हणा ना.

ते स्थळ पुढे गेलं नाही. माझ्यामुळे मोडलं की त्यांचं देण्याघेण्यावरून फिसकटलं की पत्रिकाच जुळली नाही, मला आजतागायत कळलेलं नाही आणि आता कळणारही नाही.

पण काही वर्षांनी एकदा कदंबच्या बसमध्ये खिडकीपाशी बसले होते, बस तिठ्यावर थांबली, समोर तोच बार, आणि मला एकदम प्रश्न पडला की आपण त्याला तिथे पाहिलं तरी किती वेळा? ऑफिस सुटलं की साडेसहाची बस, रोज त्याच बारसमोरून. मी खरंच बसून आठवलं. एकदा पावसात, छत्री नव्हती त्याच्याकडे. एकदा अजून कोणीतरी दोघं होते. एकदा नुसता बाहेर पायरीवर बसलेला. चौथ्यांदा तो होता की त्याचा चुलतभाऊ ते नक्की सांगता येत नाही. आणि ते सगळं एकाच वर्षातलं, ज्या वर्षी त्याची आई बांबोळीला, सरकारी हॉस्पिटलात, पडून होती आणि मग गेली. त्या आधी कधी नाही, नंतर कधी नाही. म्हणजे तीन वेळा, फार तर चार. त्याचं मी केलं काय तर 'पियेता'. चार संध्याकाळी उचलल्या आणि त्याच्या अख्ख्या आयुष्याला चिकटवल्या.

तेव्हापासून मला आपल्या भाषेचीच भीती वाटते कधीकधी. आपल्याकडे केलेल्या कामाचं माणसाला नाव पाडायची काय हौस आहे! एकदा खोटं बोलला तर खोटारडा, दोनदा भांडला तर भांडखोर, प्यायला तर दारुडा, उसने बुडवले तर बुडव्या, गप्पा मारल्या तर थापाड्या. 'त्याने चोरी केली' यात निदान एक दिवस असतो, एक जागा असते, काय चोरलं ते असतं. 'चोर' म्हटलं की ते सगळं गळून पडतं आणि माणूस तेवढा उरतो, तोही तसाच. गावात तर घराण्यांनाच अशी टोपणनावं असतात, पणजोबाने कधीतरी काहीतरी केलेलं असतं, काय केलं ते कोणालाच आठवत नाही, पण पणतवाला बाजारात त्याच नावाने हाक मारतात.

आणि बाईच्या बाबतीत तर विचारूच नका. पुरुषाचं चारित्र्य म्हणजे पैशाला सरळ आहे का, शब्दाला जागतो का, पितो का, अशी चार खाती तरी असतात. बाईचं चारित्र्य म्हटलं की एकच खातं. 'मुलगी कशी आहे' असा फोन आला की कोणी विचारत नाही ती उधारी बुडवते का. विचारतात कुठली बस पकडते, किती वाजता येते, सोडायला कोण येतं.

आमचे धाकटे दीर वकील आहेत. एका चवथीला सगळे जमलो होतो, दुपारचं जेवण होऊन माणसं सोप्यावर पसरलेली, तेव्हा मी त्यांना हे विचारलं, नाव न घेता, की असं फोनवर सांगणं हा गुन्हा होतो का. त्यांना काय, नेवऱ्यांचं, म्हणजे करंज्यांचं, ताट समोर, सुरूच झाले. म्हणाले 1860 च्या दंड संहितेत कलम 499 होतं, अब्रुनुकसानीचं, आता 1 जुलै 2024 पासून न्याय संहितेत ते 356 झालंय, आणि लोकांना वाटतं खरं बोललं की सुटलो, तसं नाहीये, खरं असून पुन्हा ते सांगणं लोकांच्या भल्याचं पाहिजे, तर पहिल्या अपवादात बसतं. असे दहा अपवाद आहेत. नवव्या अपवादाखाली एक उदाहरण आहे ते मला फार आवडलं, एक दुकानदार आपल्या दुकान बघणाऱ्या माणसाला सांगतो की अमक्याला रोख पैसे दिल्याशिवाय माल देऊ नको, मला त्याच्या सचोटीचा भरवसा नाही. हे चालतं. स्वतःचं नुकसान टाळायला, ज्याला सांगायला पाहिजे त्यालाच सांगितलंय. आमच्या पोसऱ्यावरचा शेठ हेच वाक्य गिऱ्हाइकांनी भरलेल्या दुकानात मोठ्याने सांगतो, ते मात्र त्या उदाहरणात बसेल असं वाटत नाही. आणि दहावा अपवाद तर जवळजवळ आमच्या फोनसाठीच लिहिलाय, एखाद्याला दुसऱ्याबद्दल सावध करणं, ऐकणाऱ्याच्या भल्यासाठी, सद्भावनेने.

मी म्हटलं, झालं तर मग, माझी भावना चांगलीच होती.

दीर हसले. म्हणाले, "वहिनी, तिथेच तर गोम आहे. कायद्यात सद्भावना म्हणजे मन स्वच्छ असणं नव्हे. कलम 52 वाचा जुनं. जे पुरेशी काळजी आणि लक्ष न देता केलं ते सद्भावनेने केलं असं म्हणताच येत नाही."

माझ्या हातातली नेवरी तशीच राहिली. इतकी वर्षं मी स्वतःला एकच सांगत होते, माझ्या मनात काही नव्हतं. आणि इथे दीडशे वर्षांपूर्वी कोणीतरी लिहून ठेवलंय की मनाचं राहू दे, तू नीट पाहिलंस का ते सांग. मी नाही पाहिलं. बसच्या खिडकीतून पाहिलं.

दिरांनी अजून एक सांगितलं. फौजदारी खटल्यात आरोपी आधीपासूनच वाईट चालीचा आहे असा पुरावा सरकार पक्षाला सहसा आणताच येत नाही, 1872 च्या पुरावा कायद्यात कलम 54 होतं, नव्या कायद्यातही ते आहे. आरोपीने स्वतः आपल्या चांगुलपणाचा पुरावा आणला तरच त्याला उत्तर म्हणून आणता येतो. त्या दिवशी त्याने काय केलं तेवढंच बोला. कोर्ट जे ऐकायलाच तयार होत नाही त्यावर आमच्या सोप्यावरचे खटले सुरू होतात, "तो काय, तो पहिल्यापासून तसलाच."

आता कोणी म्हणेल, बाई, धूर दिसला म्हणजे कुठेतरी जाळ असणारच ना. हे वाक्य मी इतक्या वेळा ऐकलंय. माझे वडील संस्कृत शिकवायचे, ते म्हणायचे हेच उदाहरण न्यायशास्त्राचं, डोंगरावर धूर म्हणजे डोंगरावर अग्नी, पण त्याच लोकांनी पुढे हेही बजावून ठेवलंय की जे दिसतंय तो धूरच आहे की धुकं, ते आधी ठरव. जानेवारीत सकाळी आमच्याकडच्या डोंगराकडे बघा एकदा. काजूच्या बागेतून असं काही वर येत असतं की अग्निशामक दलाला फोन करावासा वाटेल, आणि नऊ वाजता ऊन आलं की काही नाही, नुसती ओली पानं.

त्या मुलाबद्दल सगळ्यात जास्त मला काय टोचतं माहितेय? त्याला माहीतच नाही. त्याच्याबद्दल काय बोललं गेलं, कोणी बोललं, बोललं गेलं होतं हेसुद्धा. फोंड्याहून पणजीला जाताना जुनं गोवं लागतं, से कॅथेड्रलच्या समोरच्या बाजूला एकेकाळी इन्क्विझिशनचा, म्हणजे पोर्तुगीजांच्या धर्मन्यायालयाचा, वाडा होता, आता तिथे त्यातलं काही उभं नाही, बसमधले लोक चर्चकडे बघतात. 1560 मध्ये सुरू झालं ते मधली चार वर्षं सोडली तर 1812 पर्यंत चाललं. तिथली रीत अशी की तुमच्यावर आरोप कोणी केला ते तुम्हाला सांगायचं नाही. शार्ल देलाँ म्हणून एक फ्रेंच डॉक्टर होता, त्याला 1673 मध्ये दमणला पकडून मग गोव्यात आणून कोंडला, त्याने सुटल्यावर सगळं लिहून ठेवलं. कैद्यालाच विचारायचे, तुला कशासाठी धरलंय ते तूच आठव आणि कबूल कर. दोन्ही गोष्टी एका मापाच्या नाहीत हे मला कळतं, तिथे माणसं जाळली गेली आणि इथे एक स्थळ मोडलं, तेही कदाचित. पण त्या मुलाने त्या वर्षी आरशासमोर उभं राहून विचार केला असेल ना, आपल्यात काय खोट आहे म्हणून.

त्याचं पुढे चांगलं झालं. लग्न झालं, दोन मुलं, तिठ्यापासून थोडं पुढे दुचाकीचं गॅरेज आहे त्याचं. माझी स्कूटर तोच बघतो. मागे ब्रेकची वायर बदलली आणि पैसे घेईना, "रावं दी गो मावशे," म्हणाला. मी जबरदस्तीने शंभराची नोट टूलबॉक्सवर ठेवली आणि पळत सुटल्यासारखी निघाले. सांगावं का त्याला? सांगून मला हलकं वाटेल, त्याला काय मिळेल? म्हणून नाही सांगितलं. आणि कधी वाटतं हेही मी माझ्या सोयीचंच ठरवलंय.

बरं, यातून मी काय शिकले असेन, तर तोंड बंद ठेवायला. आणि ते त्याहून महागात पडलं.

चारपाच वर्षांनी अजून एक फोन, एका घराबद्दल. त्या घरातली मोठी सून माहेरी निघून गेली होती आणि का गेली ते आम्हाला सगळ्यांना माहीत होतं, माहीत म्हणजे ऐकीव नव्हे, भिंतीला भिंत आहे आमची, रात्री ऐकू यायचं. आता धाकट्यासाठी मुलगी बघत होते, घरात कारभार त्याच सासऱ्याचा. मला विचारलं, माणसं कशी आहेत. मी म्हटलं, "बरीं मनशां." चांगली माणसं आहेत. आधीच्या वेळेची धास्ती होती हे एक, पण खरं सांगायचं तर ते देवळाच्या कमिटीवर होते, आमची सामायिक विहीर होती, आणि मला कटकट नको होती. वर्तणूक चांगली, गोल स्टँप. ती मुलगी अकरा महिने राहिली. जायच्या आदल्या दिवशी विहिरीवर भेटली, माझ्याकडे बघून हसली, घागर भरली आणि गेली. तिला काय माहीत की आत यायचं दार उघडून देणाऱ्यांत मी पण होते.

तर हे असं आहे. एकदा बसच्या खिडकीतून पाहिलेलं छातीठोक सांगितलं, आणि एकदा भिंतीपलीकडून स्वतःच्या कानांनी ऐकलेलं गिळलं. एवढं झाल्यावर या रविवारी, हाताला सुंगटांचा वास, स्पीकरवर सावर्डे, "भुरगो कसो?"

मी ठरवलं, या वेळी फक्त जे पाहिलंय ते सांगायचं, कधी पाहिलं ते सांगायचं, आणि जे माहीत नाही ते माहीत नाही म्हणायचं. म्हटलं, ताई, मुलगा वेर्ण्याला कंपनीत आहे, सकाळी सातला बाइकवरून जाताना रोज दिसतो. गेल्या शिगम्याला रोमटाच्या मिरवणुकीत त्याची एकाशी बाचाबाची झाली, त्याने धक्का दिला ते मी पाहिलं, आधी काय झालं ते पाहिलं नाही. त्याचा आजा आजारी होता तेव्हा रात्री दोनदा आमची गाडी मागायला आला होता, दोन्ही वेळेला पेट्रोल भरून परत दिली. घरात कसा वागतो ते मला माहीत नाही. पितो की नाही माहीत नाही. त्याच्या आईने माझ्याकडे कधी तक्रार केलेली नाही, पण आया कधी करतात.

पलीकडे शांतता. मला वाटलं फोन कट झाला.

"म्हणजे बरो काय वायट?"

"ते मी कसं सांगू ताई. जेवढं पाहिलं तेवढं सांगितलं. तुम्ही मुलीला त्याच्याशी बोलू द्या, चारदा भेटू द्या."

परत शांतता. मग एकदम हळू आवाजात, जशी एखादी वाईट बातमी काढून घेतात तसं, "वहिनी, तुमचं आणि त्यांचं काही बिनसलंय का? की मुलाचं काही आहे? मला सांगा हां, मी तुमचं नाव नाही घेणार कुठे."

झालं! मी माहीत नाही म्हणाले त्याचाच धूर झाला. आता ही बाई सावर्ड्याला सांगणार की त्यांच्या वाड्यावरचीच बाई काही बोलायला तयार नाही, म्हणजे बघा. धक्का तिच्या लक्षात राहणार आणि पेट्रोल विसरणार. माझ्या पोटात गोळाच आला. मी कोपराने फोन जवळ ओढला आणि जवळजवळ ओरडलेच, "छे छे, तसं काही नाही हो! मुलगा चांगला आहे. एकदम चांगला!"

"हां, मग असं सांगा की," ती म्हणाली. आवाज परत मोठा झाला. "मी उगाच घाबरले. बरं, सुंगटं काय भावाने मिळाली तुम्हाला?"